काळ्या दोऱ्याचं पीस

आमच्या घरी सकाळचा पहिला चहा पिसाला मिळायचा. आई कप घेऊन काचेच्या कपाटापुढे पाट टाकून बसायची, काळा दोरा बांधलेल्या पिसावर दोन बोटं टेकवायची आणि विचारायची, "उठलास काय रं बाबा?" पीस थरथरत असायचंच. तेच तिला उत्तर. मग तो चहा ती स्वतः प्यायची, आणि तोवर तो थंड झालेला असायचा म्हणून माझ्यावर चिडायची.

मी सुचिता, तेजसची मोठी बहीण. तेजस मालवाहू जहाजावर इंजिनखान्यात कामाला होता. दीड वर्षापूर्वी, श्रावणात, तो भर समुद्रात जहाजावरून नाहीसा झाला. ड्यूटी संपवून वर डेकवर गेला आणि सकाळच्या हजेरीला नव्हता, एवढंच कंपनीने कळवलं. शोधलं, सापडला नाही. त्याची एक बॅग तेवढी घरी आली. पण आमच्या कपाटात त्याचं पीस वाजत होतं, आणि ज्याचं पीस वाजतंय तो जिवंत आहे, ही गोष्ट आमच्या गावात कोणाला पटवून द्यावी लागत नाही.

बाहेरून येऊन टॉवरमध्ये राहिलेल्यांना मात्र सगळं पहिल्यापासून सांगावं लागतं. खाडीत फ्लेमिंगो उतरले की सीवूड्सपासून लोक कॅमेरे घेऊन धावतात. त्याच चिखलाच्या अलीकडे, मिठागरांच्या बांधांवर, खारपाखरं बसलेली असतात. त्यांच्याकडे कोणी ढुंकून बघत नाही, कारण फोटोत ती येत नाहीत. फोटोत नुसती पांढऱ्या उजेडाची तिरीप येते, आणि तिला कोण लाइक देणार?

खारपाखरू बगळ्याएवढं असतं. पौषात मिठागरात पाणी घेतलं की येतं, वैशाखात मीठ उचललं की जातं. त्याचं पीस म्हणजे मिठाचा लांबट स्फटिक, खडीसाखरेसारखा आरपार दिसणारा. आमच्या आगरी घरांत मूल झालं की पाचव्या दिवशी, किंवा पाखरं गेलेली असतील तर ती परत आल्यावर, बाप त्याचं झबलं घेऊन मिठागरावर जातो आणि बांधावर गळलेली पिसं एकेक करून झबल्यावर ठेवून बघतो. जे पीस ठेवताक्षणी वाजायला लागेल ते त्या मुलाचं. पुढे जन्मभर ते त्याच्या काळजाबरोबर वाजतं. माणूस धावला की भराभर, झोपला की संथ. माणूस गेला की पीस मुकं होतं. मग ते घरातल्यांनी मिठागराच्या पाण्यात धरून विरघळवायचं, तोवर त्या जिवाची सुटका नाही. आमच्या बाबांचं, देवजींचं, पीस मी आणि तेजसने मिळून विरघळवलं. अर्धा तास लागला. बाबांना कुठलंच काम घाईत केलेलं आवडायचं नाही.

मिठावर नाव लिहिता येत नाही, म्हणून दोरा. मुलाला काळा, मुलीला लाल. पावसाळ्याच्या हवेने पिसं पाझरतात, तेव्हा मृगाच्या आधी दोरे सोडून ती बरणीत भाताच्या तुसात पुरायची आणि दसऱ्याला काढून नवे दोरे बांधायचे. बरणी उघडायची ती आईने, उपाशीपोटी, दार लावून, एकटीने. कुठलं पीस कोणाचं, हे तिने नुसतं बोट टेकवून ओळखायचं. दुसऱ्या कोणी बघायचं नाही. का, ते मी लहानपणी विचारलं होतं आणि पाठीत धपाटा खाल्ला होता.

तेजस नाहीसा झाला तेव्हा पिसं तुसात होती, माझं आणि तेजसचं एका बरणीत; आई आणि प्रिया आपापली पिसं वेगळी ठेवायच्या. दोन महिने आम्ही दसऱ्याची वाट बघितली. त्या दिवशी आईने दार लावून घेतलं आणि मी आणि प्रिया बाहेर उभ्या राहिलो. प्रिया तेजसची बायको, तळवलीची. लग्नाला तेव्हा जेमतेम अकरा महिने झाले होते. बऱ्याच वेळाने दार उघडलं. आईच्या तळहातावर काळ्या दोऱ्याचं पीस होतं, आणि ते गुणगुणत होतं.

"वाजतंय," आई म्हणाली. प्रिया जिथे उभी होती तिथेच खाली बसली.

दुसऱ्या हातात लाल दोऱ्याचं पीस होतं, माझं. ते मुकं होतं. "तुज्या पिसाला ओल लागली," आई म्हणाली. "बरनीच्या तलाशी होतं." असं होतं कधी कधी. ओल धरली की माणूस धडधाकट असतानाही पीस मुकं होतं. भाऊ जिवंत आहे म्हटल्यावर माझ्या पिसाचं काय घेऊन बसायचं? पण खरं सांगते, मला फार लागलं. चार वर्षं पनवेलला संसार करून मी नवऱ्याला सोडून परत आले, तेव्हा एक ते पीसच तर पर्समध्ये टॉवेलात गुंडाळून आणलं होतं. आमच्यात मुलगी लग्न होऊन जाताना पीस सासरी नेते. ते घेऊन परत आली की गावाला वेगळं काही सांगावं लागत नाही. तेही आता मुकं झालं. मी ते उचललं आणि स्वयंपाकघरात मसाल्याच्या डब्यांमागे टाकून दिलं.

त्यानंतर आमचं घर त्या कपाटाभोवती फिरायला लागलं. आई दिवसभर तिथेच. गेल्या पावसाळ्यात तिने ते पीस बरणीतही घातलं नाही, कपाटात तुसाचा थर घालून तिथेच ठेवलं. प्रिया सीवूड्सच्या मॉलमध्ये चष्म्याच्या दुकानात कामाला जाते. ती निघताना पिसाला हात लावून "गुड मॉर्निंग" म्हणायची आणि रात्री आली की "आले रे" म्हणायची. सुट्टीच्या दिवशी ती तासन्‌तास बघत बसायची. "रविवारी तो आरामात असतो, ताई," एकदा म्हणाली. "जिथे असेल तिथे रविवारची सुट्टी मिळते वाटतं त्याला." असं म्हणताना तिचा चेहरा असा काही उजळला की मी भाजी चिरायला आत निघून गेले.

मला पिसाचा राग यायचा. आता लपवून काय उपयोग? मी द्रोणागिरीला कंटेनर यार्डात गेटवर बसते. येणाऱ्या-जाणाऱ्या ट्रेलरचे नंबर टिपायचे, ड्रायव्हरांशी हुज्जत घालायची आणि संध्याकाळी घरी यायचं. आमची बिल्डिंग सरकारने घेतलेल्या जमिनीच्या बदल्यात मिळालेल्या साडेबारा टक्क्यांच्या प्लॉटवर उभी आहे, आम्ही चौथ्या मजल्यावर. लिफ्ट बंदच असते, सोसायटीच्या मीटिंगमध्ये तेवढी चालते. मी धापा टाकत दारात पोचले की बेलवर बोट ठेवायच्या आतच आई दार उघडून मागे वळलेली असायची. बेलच्या आवाजाने तेजसच्या पिसाला त्रास होतो म्हणून ही घाई, असं मी धरून चालले होते.

आणि डेंग्यूचं तर मी मनातून काढलंच नव्हतं. गेल्या दिवाळीच्या आधी मला डेंग्यू झाला. वाशीला पाच दिवस ॲडमिट होते, प्लेटलेट्स पार खाली गेलेल्या. प्रिया रजा टाकून माझ्याजवळ राहिली. आई एकदाही आली नाही. प्रिया डबा न्यायला घरी गेली की परत येऊन सांगायची, "ताई, त्याचं पीस कसंतरीच वाजतंय हो. त्यालाही कुठेतरी ताप असेल का? आई त्याच्या जवळून उठतच नाहीत." मी भिंतीकडे तोंड करून पडून राहायचे. एका आईला दोन मुलं, एक डोळ्यांसमोर मरायला टेकलंय, आणि ती बसलीय समुद्रात हरवलेल्याच्या पिसाला धरून!

माघ सरत आला तेव्हा प्रियाचा भाऊ मितेश आला. दर दोन महिन्यांनी यायचा, पण या वेळी चहाही घेतला नाही. "रविवारी गाडी घेऊन येतो," तो प्रियाला म्हणाला. "तू चल. आई तुझ्या काळजीने अंथरुणाला लागलीय. किती दिवस अशी बसणार आहेस?"

"पीस वाजतंय, दादा," प्रिया म्हणाली. "ते वाजत असताना मी कशी येऊ?"

मितेशही आमच्यातलाच. तो तसाच उठून निघाला. सव्वीस वर्षांची पोरगी एका कपाटाकडे बघत म्हातारी होत होती आणि आम्ही सगळे ते मान खाली घालून चालवून घेत होतो.

त्याच आठवड्यात खालच्या मजल्यावरच्या नंदकिशोरकाकांनी मला जिन्यात थांबवलं. काका साताऱ्याकडचे, निवृत्त इंजिनीअर, अगदी सभ्य माणूस. "सुचिताताई, राग मानू नका," ते म्हणाले. "रस्त्यावरून ट्रेलर गेला की आमच्या शोकेसमधले पेलेसुद्धा थरथरतात हो. तुमचं ते पीस... एकदा रस्ता बंद असेल तेव्हा बघा म्हणतो मी."

मी राग मानला. त्यांना म्हटलं, आमच्या घरातलं आम्ही बघून घेऊ. पण ते बोलणं डोक्यातून जाईना. दिवसरात्र ट्रेलर. मीच तर त्यांचे नंबर टिपते. तेच आमचं पीस हलवत असतील तर प्रिया कशासाठी थांबली होती?

गुरुवारी ट्रेलरवाल्यांनी बंद पुकारला. यार्डात चिटपाखरू नव्हतं. साडेबाराला मेसेज आला की बोलणी झाली, दोन वाजता गाड्या सुटणार. मी रजिस्टर मिटलं आणि रिक्षा पकडली. रस्ता मोकळा असेपर्यंत एकदा बघायचंच होतं. पीस थांबलेलं असेल तर प्रियाला सांगता येईल. वाजत असेल तर माझा भाऊ जिवंत आहे. दोन्हीपैकी एक काहीतरी त्या दिवशी कळणार होतं.

लिफ्ट अर्थातच बंद होती. मी चारही मजले धावत चढले, सदतिसाव्या वर्षी, चपला हातात घेऊन. दाराला कुलूप होतं. आई बाजारात गेली होती. कुलूप काढलं आणि तशीच कपाटासमोर गेले.

खाली रस्ता चिडीचूप होता. आणि पीस नुसतं वाजत नव्हतं, थयथयाट करत होतं. काळा दोरा काचेवर आपटत होता.

म्हणजे ट्रेलर नव्हते. म्हणजे तेजस होता. मी तिथेच तोंडावर हात घेऊन रडले. दीड वर्षात मी त्याच्यासाठी रडलेच नव्हते, सगळा वेळ रागावण्यात गेला होता. मग लक्षात आलं, इतक्या जोरात पीस वाजतं ते माणूस जिवाच्या आकांताने पळत असतानाच. त्याच्यामागे कोणी लागलं होतं का? "पळ, तेजा," मी मोठ्याने म्हणाले. "पळ, थांबू नको."

मी पाटावर बसले. तांब्यातलं पाणी प्याले, पदराने मान पुसली. श्वास हळूहळू खाली बसला. पीसही हळूहळू शांत झालं. सुटला बाबा, असं मला वाटलं.

तेवढ्यात माझा फोन खणखणला. यार्डातून होता. मी दचकले, आणि पीस टुणकन उडालं.

फोन वाजून वाजून बंद झाला. मी डाव्या हाताचं मनगट उजव्या हाताच्या बोटांत धरलं, नाडी शोधली आणि पिसाकडे बघत बसले. ठोका आणि थरथर, ठोका आणि थरथर. दोन्ही एकत्र पडत होते. तरी माझा विश्वास बसेना. मी उठले, दोन मजले उतरले आणि परत धावत चढले. वाटेत नंदकिशोरकाका दारात उभे होते, त्यांनी विचारलं काय झालं, मी म्हटलं व्यायाम. वर आले तर काळा दोरा पुन्हा काचेवर आपटत होता.

ते माझं पीस होतं.

रविवारी शांत असणारं, कारण रविवारी मी घरी लोळत असते. दिवाळीच्या आधी कसंतरीच वाजणारं, कारण ताप मला होता. दीड वर्षं प्रिया मला गुड मॉर्निंग म्हणत होती. आणि मी माझं म्हणून डब्यांमागे टाकलेलं पीस माझं नव्हतंच.

मी स्वयंपाकघरात गेले आणि मसाल्याच्या डब्यांमागून लाल दोऱ्याचं पीस काढलं. त्याला हळद लागली होती. मी ती पदराने पुसत राहिले, पण मिठात शिरलेली हळद निघत नाही. माझ्या धाकट्या भावाला मी दीड वर्ष तिखटाच्या आणि धण्याच्या डब्यांमागे ठेवलं होतं.

आई आली तेव्हा मी पाटावर बसले होते आणि ते पीस माझ्या मांडीवर होतं. तिच्या हातात सुक्या कोळंबीच्या सोड्यांची पिशवी होती. तिने आधी पिसाकडे बघितलं, मग माझ्याकडे.

"आये, हे कोनाचं?" मी विचारलं.

"तुजं. लाल दोरा दिसत नाय तुना?"

"मी जिना धावत आली. ते कपाटातलं पन माझ्याबरोबर धावत होतं."

आईने पिशवी खाली ठेवली. भिंतीला हात लावून हळूहळू खाली बसली. मला वाटलं नाकारेल, शिव्या देईल. तिने तसं काही केलं नाही.

"बरनीत हात घातला," ती म्हणाली. "तुमची दोगांची पिसं हाताला लागली. एक वाजत होतं, एक नाय. बोट लावल्याबरोबर मना कललं, कोन हाय नी कोन गेला. दाराबाहेर ती पोर उभी होती. तिच्यासमोर काय घेऊन जाऊ? जे वाजत होतं त्याला काला दोरा बांदला. म्हटलं, चार दिस. चार दिसांनी सांगेन. मग सांगाचा दिस आलाच नाय."

"आनि माझं मेलेलं चाललं तुला?" मी ओरडले. इतक्या मोठ्याने की खाली काकांना ऐकू गेलं असणार. "मुलगा मेलेला नको, मग मुलगी मेली तरी चालेल?"

"तू डोल्यासमोर हायस गो," आई म्हणाली. "तुना रोज बघते, रोज जेवाला वाढते. तुज्यासाठी मना पीस कशाला पायजे होतं? त्याला बघाला माज्याकडं काय होतं?"

"डोळ्यासमोर! वाशीला पडली होती मी तेव्हा आलीस बघायला? पाच दिवस. पाच दिवस त्याच्या पिसाला धरून बसलीस."

आई माझ्याकडे बघत राहिली.

"कोनाच्या पिसाला धरून बसलेली मी, सुचे?"

मी कपाटाकडे बघितलं.

"तिकडं मना बाकड्यावर बसवलं असतं," ती म्हणाली. "आत सोडलं नसतं. हितं तू माज्या बोटाखाली होतीस. तिसऱ्या दिसाला पीस थांबाला आलेलं. मी पानी प्याला पन उठली नाय. उठली नी थांबलं तर?"

माझा राग गेला नाही. खोटं कशाला सांगू? जे केलं ते केलंच तिने. पण रागाला धरायला जी जागा होती ती राहिली नाही. आम्ही दोघी जमिनीवर बसून राहिलो. दोन वाजले, ट्रेलर सुटले, कपाटाची काच थरथरायला लागली. तेजसचं पीस माझ्या मांडीवर गप्प पडलेलं होतं, आणि तेव्हा कुठे मला नीट कळलं की तो गेला.

"प्रियाला कोन सांगनार?" मी विचारलं.

"दोरा मी बांदलाय," आई म्हणाली. "मीच सोडेन."

प्रिया आठला आली. नेहमीसारखी पर्स खुर्चीवर टाकून कपाटाकडे गेली, तर कपाट उघडं होतं. आई पाटावर बसली होती आणि दोन्ही पिसं तिच्यासमोर पांढऱ्या फडक्यावर ठेवलेली होती. "बस, पोरी," आई म्हणाली. प्रिया बसली. आईने वाजणाऱ्या पिसाचा काळा दोरा सोडला. मुक्या पिसाचा लाल दोरा सोडला. गाठी घट्ट बसल्या होत्या म्हणून वेळ लागला. मग तिने काळा दोरा मुक्या पिसाला बांधला.

प्रियाला एवढं पुरेसं होतं. ती आमच्यातलीच. तिने दोन्ही पिसांकडे बघितलं. मग विचारलं, "कधीपासून?"

"पयल्या दसऱ्यापास्नं."

"मग हे," तिने दुसऱ्या पिसाकडे बोट केलं, "हे ताईंचं?"

"माझं," मी म्हणाले.

ती मला मारेल असं वाटलं, आणि तिने मारलं असतं तर बरं झालं असतं. तिने फक्त मुकं पीस उचललं, त्याच्यावरची हळद बघितली आणि ते गालाला लावलं. आई तिच्या पायांकडे हात नेऊन म्हणाली, "मी तुजं दीड वरीस खाल्लं, पोरी." प्रियाने पाय मागे घेतले. "मला आत्ता काही बोलायचं नाहीये, आई," ती म्हणाली. ती तेजसला घेऊन खोलीत गेली आणि दार लावून घेतलं. आम्ही बाहेर जेवायला वाढलं आणि तसंच झाकून ठेवलं.

रविवारी मितेश गाडी घेऊन आला. आधी आम्ही सगळे मिठागरावर गेलो. आमच्या बाजूला आता एकच मिठागर उरलंय. एका अंगाला गोदामांचे पत्रे, दुसऱ्या अंगाला खाडी. तरी पाखरं आली होती. तीस-चाळीस असतील, बांधावर ओळीने बसलेली, ऊन अंगावर घेत.

आई, प्रिया आणि मी गुडघाभर पाण्यात उतरलो. प्रियाने ओंजळ पाण्याखाली धरली, आईने तिच्या ओंजळीखाली आपली धरली आणि पीस मी ठेवलं. काळा दोरा सुटून आधी वर आला. मग पिसाच्या कडा गोल व्हायला लागल्या. हळदीचा डाग सगळ्यात शेवटी गेला. किती वेळ लागला मी बघितलं नाही. तेजस घाईचा मुलगा होता, जेवतानासुद्धा उभ्याने जेवायचा, पण जायला त्याने बाबांएवढाच वेळ घेतला. प्रिया मोठमोठ्याने रडली. आई रडली नाही. तिचं रडून झालं असावं, आमच्यापासून लपवून, दीड वर्षं.

ओंजळ रिकामी झाली तशी बांधावरची पाखरं एकदम उडाली. शंभर बांगड्या वाजाव्यात तसा आवाज झाला. लहानपणापासून शेकडो वेळा ऐकलेला आवाज, पण त्या दिवशी आम्ही तिघी वर तोंड करून तो संपेपर्यंत ऐकला.

प्रिया तळवलीला निघाली तेव्हा बॅग मितेशने खाली नेली होती. ती चप्पल घालून परत आत आली. "ताई," म्हणाली, "एकदा हात लावू? सवय झालीय." मी कपाट उघडलं. तिने माझ्या पिसावर दोन बोटं ठेवली. मला हुंदका आला आणि तो तिच्या बोटांखाली वाजला. "नका रडू," ती पिसाकडे बघतच म्हणाली. मग ती गेली. आईशी ती बोलली नाही. पुढे बोलेल की नाही, माहीत नाही. आणि न बोलण्याचा तिला हक्क आहे.

सोमवारी सकाळी आईने चहा केला आणि कप घेऊन कपाटापुढे पाट टाकला. लाल दोऱ्याच्या पिसासमोर बसली, तोंड उघडलं आणि तशीच थांबली. काय विचारायचं ते तिला सुचेना. मी स्वयंपाकघराच्या दारातून सगळं बघत होते, पण पुढे झाले नाही. डबा घेतला आणि कामावर निघून गेले.

दिवसभर ट्रेलर मोजले. दोन ड्रायव्हरांशी भांडले. दुपारी डबा उघडला आणि तसाच मिटला. संध्याकाळी जिना चढताना पहिल्यांदाच माझ्या ध्यानात आलं की मी तिसऱ्या मजल्यावर दम खायला थांबते, रोज, त्याच खिडकीशी. थांबले. मग उरलेल्या पायऱ्या चढले आणि बेलकडे हात नेला.

दार उघडलं. आई उभी होती, उजव्या हाताची दोन बोटं अजून एकमेकांना चिकटलेली, आताच कशावरून तरी उचललेली. मी गॅलरीकडे बघितलं. तिथे वाळत घातलेल्या साड्यांमुळे खालचं काहीच दिसत नव्हतं. म्हणजे तिने मला येताना बघितलं नव्हतं. आणि हे काही आजचंच नव्हतं. दीड वर्षं रोज संध्याकाळी ती पिसावर बोटं ठेवून मला एकेक जिना वर चढताना ऐकत होती, आणि मी दारात आले की उठून दार उघडत होती.

मी दारातच उभी राहिले. चपला काढायचंही सुचेना.

"सावकास चढत जा गो," आई म्हणाली. "धाप लागते तुना. दुपारची जेवलीस काय?"